तेवीस वाक्यांची कारकीर्द

मालन शेलार हे नाव वाचून कुणाला काही आठवेल असं मला वाटत नाही. चित्रपट संपल्यावर नावं वर सरकू लागतात तेव्हा प्रेक्षक चपला शोधत असतात, आणि मालनताईंचं नाव चपला सापडल्यानंतर येत असे. पण नव्वदनंतरच्या दहा-पंधरा वर्षांत तुम्ही मराठी चित्रपट पाहिले असतील, तर त्यांना नक्की पाहिलं आहे. ऑपरेशनच्या खोलीतून ट्रे घेऊन बाहेर येणारी आणि मान खाली घालून डावीकडे निघून जाणारी नर्स त्याच. नायकाचा बाप गेल्यावर नायकाच्या आईला सावरून धरणारी शेजारीणही त्याच. एका चित्रपटात तर मध्यंतराआधी त्या नर्स होत्या आणि मध्यंतरानंतर शेजारीण. कुणाच्याही लक्षात आलं नाही. त्या हे अभिमानाने सांगत.

मी तेव्हा शिरूरच्या कॉलेजात मराठी शिकवत होतो. शिकवत होतो म्हणजे तास घेत होतो, मुलं शिकत होती असा दावा मी केलेला नाही. शिवाय गावातल्या साहित्य-कला मंडळाचा मी सचिव होतो. मंडळाला अध्यक्ष, दोन उपाध्यक्ष, कार्याध्यक्ष, सचिव आणि सहसचिव होते. सभासद नव्हते.

मालनताई राहायच्या दौंडला, रेल्वेच्या कॉलनीत. नवरा रेल्वेत गार्ड. शेलारभाऊ स्वतःच म्हणायचे, "आमचं जोडपं जमलंय. मी गाडीत सगळ्यात मागं, ही पडद्यावर सगळ्यात मागं." माहेर मात्र शिरूरचं. घोडनदीच्या काठाला भाजीपाला आणि शेवंती पिकवणारं माळ्याचं घर. त्यामुळे त्या महिन्यातून एकदा तरी एसटीने शिरूरला येत.

अशाच एका दुपारी त्या पहिल्यांदा आमच्या दारात उभ्या राहिल्या. खांद्याला कापडी पिशवी, कपाळावर ठसठशीत कुंकू, आणि आवाज असा की शेजारची दोन दारं उघडली.

"सर, तुमचं मराठी लई चांगलं आहे म्हणतात. एक वाक्य विचारायचंय."

वाक्य होतं, 'धीर धरा. डॉक्टर आत आहेत.' माझ्या बारा वर्षांच्या नोकरीत कुणी आपण होऊन काही विचारायला घरी आलं नव्हतं. मी बोलत सुटलो. 'धीर' या शब्दात आज्ञा आहे की विनंती, डॉक्टर आत असणं हे आश्वासन आहे की टाळाटाळ, बोलणाऱ्या स्त्रीला मृत्यूची चाहूल असूनही ती ती कशी दडवते, या सगळ्यावर मी अर्धा तास बोललो. मालनताई इतक्या मन लावून ऐकत होत्या की मधे मला माझ्याबद्दल आदर वाटू लागला.

"ते सगळं खरं आहे सर," त्या शेवटी म्हणाल्या. "पण 'धीर धरा' म्हणताना ट्रे हातात धरू, का खाली ठेवून म्हणू?"

मी 'धरणे' या क्रियापदाकडे वळलो. आतून आमची ही म्हणाली, "हातातच धरा. हात मोकळे असले की बाई समोरच्याच्या खांद्यावर हात ठेवते. नर्सला एवढा वेळ कुठला?"

"हां!" मालनताई म्हणाल्या आणि पिशवी उचलून थेट स्वयंपाकघरात गेल्या. त्या दिवसापासून त्या आमच्याकडे येत त्या हिच्याकडे. मी चहा नेऊन देत असे.

त्यांचं स्वतःचं एक नाट्यशास्त्र होतं, आणि मी वाचलेल्या सगळ्या ग्रंथांपेक्षा ते आटोपशीर होतं. पहिला नियम, उभं राहायचं ते नायकाच्या आईच्या खांद्याला खांदा लावून. "नायिकेजवळ उभं राहिलं तर आपल्याला चौकटीबाहेर काढतात. आईला कुणी कापत नाही. तिला धरलं की आपण वाचलो." दुसरा, डोळ्यातलं पाणी खाली पडू द्यायचं नाही. "पडलं की सीन संपला. डोळ्यात धरून ठेवायचं. लोक बघत राहतात, आता पडतंय का मग पडतंय." रडण्यासाठी त्या काहीही लावत नसत. एका नवख्या सहायकाने त्यांना कापलेला कांदा देऊ केला होता. "मी म्हटलं, बाबा, माझा जन्म कांद्यात गेलाय. त्यानं मला भूक लागते."

छोट्या नटीने कपडे आपले आपण न्यायचे असतात. त्यांच्या पिशवीत कायम तीन साड्या असत, एक पांढरी विधवेची, एक नऊवारी, आणि एक बारीक फुलांची, तिला त्या 'शेजारीण' म्हणत. "शेजारीण धुवायला टाकलीय, म्हणून आज विधवाच आणली," असं त्या एसटी स्टँडवर मोठ्याने सांगत, आणि बाकावरच्या बायका सरकून जागा देत.

आणि त्या वाक्यं मोजत. किती चित्रपट केले हे त्यांना नक्की सांगता येत नसे, पण किती वाक्यं बोलल्या हे पाठ होतं. बोललेली बत्तीस, पडद्यावर राहिलेली तेवीस. उरलेली नऊ संकलनात गेली. त्याबद्दल त्यांचा राग नव्हता. "ते म्हणजे खुरपणंच. तण काढताना चार रोपं हाताला येतातच. खुरपणारा काय मुद्दाम करतो?" पण ती नऊही त्यांना येत होती, आणि भाकरी थापताना त्या ती आमच्या हिला म्हणून दाखवत. महाराष्ट्राने न ऐकलेली ती वाक्यं आमच्या ओट्याने ऐकली आहेत.

त्यांचा एक चित्रपट शिरूरला लागला तेव्हा मी त्यांच्याबरोबर गेलो होतो. दौंडहून त्यांचे सात-आठ शेजारी आले होते. त्यांचं काम मध्यंतरानंतर होतं. मध्यंतर संपलं आणि मी चष्मा पुसायला काढला. मी चष्मा सावकाश पुसतो, ते करताना विचारवंत दिसतो असा माझा समज आहे. तो पुन्हा डोळ्यांवर चढवला तेव्हा दौंडकर टाळ्या वाजवत होते. बाहेर आल्यावर मी म्हणालो, "मालनताई, फार संयत अभिनय. अप्रतिम."

"चष्मा पुसत होतात," त्या म्हणाल्या. "मी पडद्याकडं बघत नसते सर, मी लोकांकडं बघते."

त्यांच्या बोलण्यात सगळं येई, फक्त त्यांचा सख्खा भाऊ येत नसे. ते मला हिच्याकडून कळलं.

भाऊ म्हणजे आप्पा. मालनताई त्यांना दादा म्हणत. आई-बाप लवकर गेले, बहिणीला त्यांनीच वाढवलं, लग्न करून दिलं. लग्नानंतर त्या दौंडला रेल्वेच्या नाट्यस्पर्धेत काम करू लागल्या, तोवर आप्पांनी दुर्लक्ष केलं. मग त्यातूनच कुणीतरी त्यांना चित्रपटात नेलं. पहिल्याच चित्रपटात त्या एका प्रेताजवळ ऊर बडवून रडल्या होत्या. मार्केट यार्डात एक व्यापारी सगळ्यांसमोर आप्पांना म्हणाला, "आप्पा, तुमची भैन पिच्चरमंदी दुसऱ्याच्या मढ्यावर रडती. घरात कुनी मरंना व्हय?" यार्ड हसलं. आप्पा त्या दिवसापासून बहिणीशी बोलले नाहीत. भाऊबीज बंद. चौदा वर्षं.

पण आठवडी बाजारात आप्पा भाजी घेऊन बसत, आणि मालनताई दौंडहून शिरूरला येत त्या भाजी घ्यायला. दौंडला भाजी मिळत नाही अशातला भाग नव्हता. भावाच्या ढिगापुढे बसायच्या, वांगी निवडायच्या. आप्पा मान वर न करता तोलायचे. म्हणायच्या, "दादा, गवार कवळी हाय का?" पिशवीत गवार पडायची. "बोलत नाही," मालनताई हिला सांगत, "पण पारडं कायम माझ्या बाजूला झुकलेलं असतं."

पुढे दोन हजार सालानंतर त्यांना ती मालिका मिळाली. रोज संध्याकाळी लागणारी. त्यात एका मोठ्या घरातली गोदाकाकू. बारा-तेरा वर्षांत पहिल्यांदा त्यांच्या पात्राला नाव होतं. नर्सला नाव नसतं, शेजारणीला तर नसतंच. आठवड्यातून दोन दिवस त्या रेल्वेच्या पासावर मुंबईला जाऊ लागल्या. गोदाकाकू बोलत होती, सल्ले देत होती, एकदा तिने चक्क सुनेच्या थोबाडीत मारली. पहिल्या महिन्यानंतर मालनताईंनी वाक्यं मोजणं सोडून दिलं. "दमले," त्या म्हणाल्या, आणि इतका आनंदी दमलेला माणूस मी पुन्हा पाहिला नाही.

इथे मी प्रवेश केला.

मंडळाचा वर्धापनदिन जवळ आला होता आणि सत्काराला माणूस मिळत नव्हता. शिरूरच्या कन्येचा सत्कार करावा ही कल्पना माझी. निमंत्रणपत्रिका मी लिहिली, तिच्यात 'अष्टपैलू' हा शब्द दोनदा आणि 'रुपेरी' तीनदा होता. मालनताईंना पत्रिका दिली तेव्हा त्यांनी ती उलटसुलट करून पाहिली आणि एकच विचारलं.

"सर, दादाला पत्रिका तुम्ही स्वतः द्याल का? माझ्या हातची तो घेणार नाही. तुमची घेईल. मास्तर माणसाला तो मानतो."

मी मळ्यात गेलो. आप्पा शेवंती तोडत होते. मी पत्रिका पुढे केली. त्यांनी हात धोतराला पुसून ती घेतली आणि लांब धरून सावकाश वाचली.

"किती वाजता हाय?"

"दहा वाजता."

"एकला लाईट येती. चार तासच आस्ती. मोटार लावाया मीच लागतो. तवर हुईल न्हवं?"

"अहो, बारापर्यंत आटोपतंय सगळं."

आप्पा पुन्हा पत्रिकेकडे बघत राहिले. "ती बोलनार हाय का?"

"हो तर. सत्काराला उत्तर देतील."

"मंग यीन," ते म्हणाले. "काय बोलती ऐकू तरी एकदा."

हे मी मालनताईंना सांगितलं तेव्हा त्यांनी हिच्या हातातलं लाटणं काढून घेतलं आणि उगाचच चार पोळ्या लाटल्या. चारही वाकड्या झाल्या.

एक गोष्ट त्यांनी आम्हाला सत्कार होऊन जाईपर्यंत सांगितली नाही. नेमक्या त्याच दिवशी त्यांना शूटिंगला बोलावणं होतं. घरातल्या लग्नाचा प्रसंग, सगळी माणसं एकत्र. त्यांनी निर्मात्याच्या माणसाला फोनवर सांगितलं की सासूबाई गेल्या, येता येणार नाही. सासूबाई शेजारीच लसूण सोलत होत्या. त्या म्हणाल्या, "सांग, सांग. तीनदा गेलेय मी आत्तापातुर. फकस्त तेराव्याचं बोलू नगंस, घोळ हुईल."

सत्काराच्या दिवशी आप्पा पावणेदहालाच आले. पांढरं धोतर, इस्त्रीचा सदरा, तिसऱ्या रांगेत खुर्चीच्या टोकावर बसले आणि टोपी गुडघ्यावर ठेवली. मालनताई व्यासपीठावर बसल्या होत्या. साडी त्या तीनपैकी नव्हती, नवी होती.

प्रमुख पाहुणे पावणेबाराला आले. मग दीपप्रज्वलन. वात पेटेना, कारण समईत तेल मी स्वतः घातलं होतं आणि वात बुडवून टाकली होती. मग स्वागतगीत, मग प्रास्ताविक. प्रास्ताविक माझं होतं. अठरा पानं.

मी वाचू लागलो. पहिल्या सहा पानांत मी अभिनय या संकल्पनेचा मागोवा घेतला. सातव्या पानावर परदेशी गेलो. दहाव्या पानाच्या सुमारास सहसचिवांनी चिठ्ठी पाठवली, 'आटोपा.' ती कौतुकाची चिठ्ठी असेल असं समजून मी न वाचता खिशात घातली. माझं लक्ष आप्पांकडे होतं. असा श्रोता दुर्मीळ. ते एकदा माझ्याकडे, एकदा भिंतीवरच्या घड्याळाकडे, एकदा बहिणीकडे बघत होते. चौदाव्या पानावर मी 'दुय्यम भूमिकांचं अद्वितीयत्व' या विभागात शिरलो, आणि आप्पा उठून उभे राहिले. मला वाटलं, भारावले. मी आवाज चढवला. त्यांनी टोपी घातली, व्यासपीठाकडे हात जोडले आणि झपाझप बाहेर गेले. एक वाजून दहा मिनिटं झाली होती.

नंतर पाहुणे पाणीयोजनेवर बोलले. मग शाल, श्रीफळ, हार. दोन वाजता मालनताई उत्तराला उभ्या राहिल्या. माइक हातात घेतला. तिसऱ्या रांगेतल्या रिकाम्या खुर्चीकडे बघितलं.

"मी काय बोलू?" त्या म्हणाल्या. "सरांनी सगळं सांगितलंच आहे."

आणि बसल्या. टाळ्या पडल्या. अध्यक्ष माझ्या कानात म्हणाले, "किती विनम्र बाई."

मालिकेत पुढे काय झालं ते नंतर कळलं. काकू नाही तर लग्न कसं दाखवायचं, हा तिथे प्रश्न पडला. लेखक हुशार होता. लग्नापेक्षा सुतक जास्त दिवस चालतं हे त्याला माहीत होतं. त्याने काकूंना मारलं आणि लग्न पुढे ढकललं. मालनताईंना कुणी कळवलंसुद्धा नाही. पुढच्या आठवड्यात एका संध्याकाळी ही आणि मी दूरदर्शन संचासमोर बसलो असताना पडद्यावर मालनताईंचा फोटो आला. शिरूरच्या फोटो स्टुडिओत काढलेला, हसरा. त्याला चंदनाचा हार, पुढे समई. ती मात्र नीट पेटत होती.

ही माझ्याकडे बघून म्हणाली, "उद्या पहिल्या गाडीनं दौंडला जा. आणि कागद नेऊ नका."

सकाळी मी त्यांच्या क्वार्टरला पोचलो. शेलारभाऊ ड्यूटीवर, सासूबाई देवळात. मालनताई पोहे परतत होत्या. डोळे सुजलेले होते, पण आवाज तोच. मी बाहेरच्या खोलीत बसून आतल्या दिशेने क्षमा मागायला सुरुवात केली. मला शूटिंगचं माहीत असतं तर तारीख बदलली असती, असं काहीतरी.

"मला माहीत होतं की," त्या आतून म्हणाल्या. "मी ठरवून आले होते सर. नाव असलेलं काम पुन्हा कधीतरी मिळेल, नाहीतर नाही मिळणार. पण दादा पुन्हा ऐकायला येणार नव्हता."

त्यांनी झारा कढईवर आपटला. "तुम्ही जरा लांबवलंत," त्या म्हणाल्या.

मला आजवर मिळालेला हा सर्वांत सौम्य आणि सर्वांत अचूक अभिप्राय आहे.

तेवढ्यात खाली जीप थांबली. जिन्यावर धावती पावलं आणि बायकांचा हंबरडा. मी दार उघडलं. दारात आप्पा.

झालं होतं ते असं. आप्पांच्या घरी त्या मालिकेला बंदी होती. आदल्या संध्याकाळी त्यांची सून विरजण मागायला शेजारी गेली, तिथे पडद्यावर आत्याबाईंचा हार घातलेला फोटो आणि भोवती रडणारी माणसं तिने पाहिली, आणि ती तशीच धावत घरी आली. आप्पांनी टीव्हीवर हार घातलेले फोटो पाहिले होते ते फक्त गेलेल्या पुढाऱ्यांचे. फोन करून विचारावं तर चौदा वर्षं न बोलणाऱ्याकडे बहिणीचा नंबर कुठला? सवाष्ण बाई गेली की अंगावरचं शेवटचं लुगडं माहेरचं लागतं, भाऊ ते घेऊन येईपर्यंत तिला उचलत नाहीत. जीप मिळेपर्यंत पहाट झाली. आप्पांनी शिरूरच्या कापडवाल्याला झोपेतून उठवून दुकान उघडायला लावलं आणि न्हावऱ्याच्या रस्त्याने जीप दौंडला आणली.

दारात त्यांना मी दिसलो. माझा चेहरा मूळचाच दुखवट्याला शोभणारा आहे, त्यात मी क्षमा मागत होतो. आप्पांना जी काही आशा असेल ती मला पाहून संपली. त्यांनी टोपी काढली आणि भिंतीला टेकून खाली बसले. मांडीवर कागदात गुंडाळलेलं लुगडं. त्यांच्या बायकोने उंबऱ्यातच बसून कपाळ बडवायला सुरुवात केली. मी तोंड उघडलं, आणि आयुष्यात प्रथमच मला प्रास्ताविक सुचेना.

रडणं ऐकून मालनताई झारा घेऊन बाहेर आल्या.

"कोन गेलं गं वहिनी?"

वहिनी आणखी जोरात किंचाळली. आप्पा बहिणीकडे खालून वर बघत होते.

"तुझ्या फोटूला हार हाय," ते म्हणाले.

"व्हय दादा. काकू गेली."

"कंची काकू?"

"मीच. मालिकेतली."

आप्पांनी टोपी पुन्हा डोक्यावर घातली. "कशानं गेलीस?"

"आजून ठरलं न्हाई. लेखक म्होरच्या आठवड्यात सांगनार हाय."

मग आप्पा उठले. "जित्या मानसाच्या फोटूला हार घालत्यात व्हय? आन् तू घालू देतीस? अक्कल हाय का तुला? रातभर डोळ्याला डोळा न्हाई माज्या. घाटात ड्रायव्हरला म्हनलं हान, हान, मी बसलोय जीव मुठीत धरून. आन् ही हितं पोहे करती! ल्हानपनापास्नं आसंच. हिरीत वाकून बघायची, हाका मारल्या तर वो द्यायची न्हाई..."

घाट त्या रस्त्यावर नाही. कुणी ते लक्षात आणून दिलं नाही. मालनताई झारा धरून ऐकत होत्या. चौदा वर्षांचं बोलणं एकदम येत होतं आणि त्या मधे एक शब्द टाकत नव्हत्या. आतून पोहे करपल्याचा वास आला तरी हलल्या नाहीत.

शेवटी आप्पांचा दम संपला. वहिनी डोळे पुसत म्हणाली, "आता ह्या लुगड्याचं काय? असलं आनल्यालं माघारी नेत न्हाईत."

मालनताईंनी ते आप्पांच्या हातातून घेतलं, कागद काढला. हिरवंगार, बारीक लाल काठाचं.

"नको नेसूस," आप्पा म्हणाले. "कशापायी आनलंय म्हाईत हाय न्हवं?"

"मेल्यावर नेसवल्यालं मला दिसनार हाय व्हय, दादा?" त्या काठावरून हात फिरवत म्हणाल्या. "वहिनीनं रंग झ्याक काढलाय."

"म्या काढलाय," आप्पा म्हणाले, आणि खिडकीबाहेर बघू लागले.

त्या आत जाऊन नेसून आल्या. मी त्याच वेळी निघालो. मला कुणी थांबवलं नाही, आणि माझ्या सामाजिक आयुष्यात मी योग्य वेळी निघाल्याची तेवढी एकच नोंद आहे.

गोदाकाकू हृदयविकाराने गेल्याचं लेखकाने कळवलं. फोटो पुढे सात-आठ महिने त्या घराच्या भिंतीवर होता. मालनताई मालिका रोज बघत. "काल हार तिरका होता," असं हिला सांगत. तसं काम त्यांना पुन्हा मिळालं नाही. त्या परत नर्स झाल्या, पुढे वय वाढल्यावर मोलकरीण. मी कधी हळहळलो तर त्या विषय बदलत. हळहळ करून दाखवणं हा त्यांचा व्यवसाय होता, आणि माझी त्यांना कच्ची वाटत असावी.

मी त्यांना शेवटचं पाहिलं ते तीन-चार वर्षांनी. सोलापूरहून परतताना दौंडला उतरलो होतो, शिरूरची एसटी पकडायची होती. गाडी पुण्याकडे जायला अजून उभी होती. एका खिडकीत मालनताई दिसल्या, केस बरेच पिकलेले. खिडकीचे गज धरून फलाटावर आप्पा उभे होते. मी खांबाआड थांबलो. पुढे होऊन काहीतरी चांगलं बोलावं असं वाटत होतं, आणि नेमकी म्हणूनच भीती वाटत होती.

"कशाचं काम हाय म्हनलीस?" आप्पांनी विचारलं.

"मोलकरनीचं. एका मोठ्या घरातल्या."

"आन् बोलनं?"

"हाय की. एक."

"म्हनून दाखीव."

"हितं?"

"मंग काय, ममईला यिऊ व्हय मी ऐकाया?"

मालनताईंनी डब्यात इकडेतिकडे बघितलं, आणि हळू आवाजात म्हणाल्या, "बाईसाहेब, चाळीस वर्षं या घरात आहे मी. माझ्यासमोर तरी खोटं बोलू नका."

आप्पांनी मान हलवली. "न्हाई. मोठ्यानं म्हन. मागच्यास्नी काय कळंना."

गाडीने शिटी दिली. मालनताई उभ्या राहिल्या, गजांना तोंड लावलं आणि ते वाक्य असं म्हणाल्या की वडेवाल्याने पाटी खाली ठेवली आणि पलीकडच्या दारातल्या एका गृहस्थांनी बायकोकडे दचकून बघितलं. गाडी हलली. आप्पा खिडकीबरोबर चालू लागले.

"आन् मंग? मंग ती बाईसाहेब काय म्हनती?"

"काय की! म्होरलं आमाला सांगत न्हाईत, दादा!"

"आरं तिच्या! सांगाया नको व्हय?" आप्पा ओरडले, आणि फलाट संपेपर्यंत चालत गेले. खिडकीतून एक हात हलत होता, तो वळणावर दिसेनासा झाला. मी त्यांच्यामागून काही पावलं गेलो होतो. आप्पा फलाटाच्या टोकाला एकटेच उभे होते, कमरेवर हात ठेवून, आणि तोंडातल्या तोंडात म्हणत होते, "चाळीस वर्षं या घरात हाय मी. चाळीस वर्षं..."